इमर्सन आणि थोरो वाचायला घेताना

एकोणिसाव्या शतकातील अमेरिकन विचारवंत इमर्सनच्या १८३६च्या ‘नेचर’ या छोट्या पुस्तकापासून सुरुवात करून अडलो, असे तुम्ही कळवलेत; यात नवल नाही, ते तूर्त बाजूला ठेवा आणि त्याचाच १८४१चा स्वावलंबनावरील निबंध (‘सेल्फ-रिलायन्स’), रोज दोनच पाने, पेन्सिल हाती घेऊन वाचा. नवखे वाचक हमखास दोन चुका करतात:

- स्वतःवरचा विश्वास म्हणजे हेकेखोरपणा, असे धरून चालतात.
- इमर्सनचा तरुण लेखक-मित्र थोरो सर्वसंगपरित्याग करून अरण्यात गेला, असे समजतात. वास्तविक वॉल्डन तळ्याकाठची त्याची झोपडी इमर्सनच्याच जमिनीवर, कॉन्कर्ड गावापासून चालत जाण्याइतक्या अंतरावर होती, आणि तिच्या फळ्या-खिळ्यांचा २८ डॉलर साडेबारा सेंटांचा हिशेब त्याने ‘वॉल्डन’ या पुस्तकात चोख मांडला आहे. (मला तर तो हिशेबच फार आवडतो.)

सोबत रोज एकाच वाटेने, फोन घरी ठेवून चाला आणि दिसले तेवढेच वहीत उतरवा. या दोघांच्या विचारांमागे असलेल्या जर्मन तत्त्वज्ञ कांट आणि उपनिषदांकडे नंतर वळू.