करार संपला की संपवला?

तुमचा प्रश्न असा: जिल्हा परिषदेच्या आरोग्य विभागात सहा वर्षं अकरा-अकरा महिन्यांच्या आदेशांवर काम केलंत, आणि आता मुदतीला पाच महिने असताना 'काम असमाधानकारक' म्हणून कमी केलं. कंत्राटी माणसाची हायकोर्ट दाद घेतं का?

घेतं. मी स्वतः यातून गेले आहे, म्हणून सांगते.

आधी आदेश हातात घ्या आणि करार संपला आहे की संपवला आहे, ते बघा. मुदत भरली आणि पुढचा आदेश निघाला नाही, तर लढाई फार कठीण. सुप्रीम कोर्टाच्या २००६ च्या उमादेवी निकालानंतर नुसती वर्षं मोजून कायम करा म्हणता येत नाही. पण तुमचा करार मधेच, ठपका ठेवून संपवलाय. जिल्हा परिषद घटनेच्या दृष्टीने 'राज्य' आहे. करार केला म्हणून तिची कलम १४ मधून, म्हणजे समानतेने आणि मनमानी न करता वागण्याच्या बंधनातून, सुटका होत नाही. 'एक महिन्याच्या नोटिशीने केव्हाही' ही अटसुद्धा मनाला येईल तशी वापरता येत नाही.

मात्र कोर्ट काय बघणार नाही, हेही ऐका. २०११ साली ओडिशातल्या ग्रिडको या सरकारी वीज कंपनीच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की, सार्वजनिक संस्थेने करार संपवला तर तो निर्णय मनमानी आहे का, हे तपासता येतं. संस्थेच्या खुर्चीत बसून नवा निर्णय देता येत नाही. त्या प्रकरणात कर्मचारी हरला. म्हणून मी किती चांगलं काम केलं, हे सांगण्यात याचिकेची पानं घालवू नका. काढलं कसं, ते दाखवा.

आदेशाच्या वरच्या बाजूला 'संदर्भ' असतो ना, तो ओळीओळीने वाचा. आदेशाची भाषा कितीही साधी असली, तरी संदर्भातल्या पत्रात तुमच्यावर आरोप असतील तर ठपका तिथेही धरला जातो. कोलकात्याच्या सत्येंद्रनाथ बोस विज्ञान केंद्राच्या प्रकरणातल्या सुप्रीम कोर्टाच्या १९९९ च्या निकालात हेच आहे. २०२४ मध्ये मध्य प्रदेशातल्या सर्व शिक्षा अभियानातल्या एका कंत्राटी कर्मचारी बाईंचा आदेशही सुप्रीम कोर्टाने याच कारणावरून रद्द केला: ठपका ठेवला, रीतसर चौकशी केली नाही.

तुमच्या जागेवर दुसरा कंत्राटीच घेतला असेल तर तेही याचिकेत लिहा. एका तात्पुरत्याला काढून दुसरा तात्पुरता बसवू नये, हे सुप्रीम कोर्ट १९९२ पासून सांगतंय.

माझं म्हणाल तर मी एका पालिकेच्या दवाखान्यात लॅब टेक्निशियन होते. 'तीन दिवसांत खुलासा न आल्याने' म्हणून मला काढलं. नोटीस मला मिळाली होती, पण पाचव्या दिवशी. वकिलांनी पहिल्याच भेटीत विचारलं, "पाकीट कुठाय?" नशिबाने ते फ्रिजवरच्या बिलांच्या गठ्ठ्यात सापडलं. पोस्टाचा शिक्का चौथ्या दिवसाचा होता, म्हणजे खुलाशाची मुदत उलटल्यावर नोटीस टाकली होती! सुनावणीत न्यायमूर्तींनी ते पाकीट मागून घेतलं, उजेडात धरलं, आणि पालिकेच्या वकिलांकडे बघितलं. ते फाईल चाळत राहिले. मला आजही तो कागदांचा आवाज आठवतो. आदेश रद्द झाला, उरलेल्या मुदतीपुरती मी परत गेले. कायम झाले नाही. रीतसर चौकशी करायची मुभा पालिकेला दिली होती, ती त्यांनी केलीच नाही.

जिल्हा परिषदेचं प्रकरण मॅटमध्ये, म्हणजे राज्य सरकारी कर्मचाऱ्यांच्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, जात नाही, त्यामुळे तिथे वेळ घालवू नका. तुम्ही सांगलीचे आहात. १८ ऑगस्ट २०२५ पासून तुमच्यासाठी हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, मुंबई गाठायची गरज नाही. उशीर केलात तर पहिला प्रश्न त्यावरच येईल. दरम्यान माहिती अधिकारात तुमच्या फाईलवरच्या टिपणीची प्रत मागा, सहाही वर्षांचे आदेश तारखेने लावा, आणि आलेलं प्रत्येक पाकीट जपून ठेवा.