डॉक्युमेंटरी सिनेमॅटोग्राफर व्हायचंय, कुठला कॅमेरा घेऊ आणि यात पोट भरतं का?

कॅमेऱ्याचं पटकन सांगतो, हाताशी असेल तो, नाहीतर भाड्याने. पैसे उरले तर चांगला माईक आणि हेडफोन घ्या. हसू नका, बारा वर्षं हेच काम करतोय आणि माझा सगळ्यात भारी शॉट कान दुसरीकडे असल्यामुळे गेलाय.

झालं असं की घड्याळं दुरुस्त करणाऱ्या एका आजोबांवर शूट होतं. बोलता बोलता ते म्हणाले, "आज हिच्या घड्याळाला चावी द्यायची राहिलीय." मी तेव्हा फोकसच्या मागे लागलेलो, हेडफोन गळ्यात. इंटरव्ह्यू संपला, डायरेक्टर म्हणाली झालं, मी कट केलं. आजोबांनी खिशातून छोटंसं लेडीज घड्याळ काढलं, चावी दिली, कानाला लावून बसले, परत खिशात ठेवलं. बायको जाऊन सहा वर्षं झालेली. दुसऱ्या दिवशी आम्ही परत करायला सांगितलं तर बिचाऱ्यांनी केलं, पण कॅमेऱ्याकडे बघत बघत. वापरताच आलं नाही.

तेव्हापासून हेडफोन कानावर असतो आणि बोलणं संपलं तरी अर्धा मिनिट मी कट करत नाही. म्हणजे दिवसभर चालू ठेवा असं नाही हां, एडिटर शिव्या घालतो. पूर्वी १६ एमएम फिल्मचा ४०० फुटांचा रोल साधारण ११ मिनिटांत संपायचा, त्यामुळे काय घ्यायचं हे आधीच ठरवावं लागायचं, आता कार्ड संपतच नाही. 'हनीलँड' या डॉक्युमेंटरीवाल्यांनी तीन वर्षांत ४०० तासांच्या वर फुटेज जमवलं आणि फिल्म झाली जेमतेम दीड तासाची, उरलेलं सगळं कुणीतरी बसून बघितलंच ना! म्हणून कोर्स जमला तर करा, पण स्वतःचं फुटेज एकदा तरी स्वतः एडिट करा. आपण कुठे घाई केली, कुठे उगाच पॅन मारला म्हणजे कॅमेरा आडवा फिरवला, सगळं तिथे दिसतं आणि जाम लाज वाटते.

पोटाचं म्हणाल तर नुसत्या डॉक्युमेंटरीवर फार थोड्यांचं भागतं. मी कॉर्पोरेट व्हिडिओ, इव्हेंट सगळं करतो, त्यावर डॉक्युमेंटरी चालते. फक्त दिवसाचा रेट, किती तासांचा दिवस, स्वतःच्या गियरचं भाडं वेगळं आणि पेमेंट कधी, हे आधी मेलवर लिहून घ्या. ओळखीतलं काम म्हणून मी नुसत्या शब्दावर गेलो होतो, पैसे आठ महिन्यांनी आले, तेही अर्धे.

आणि शोरीलमध्ये, म्हणजे काम दाखवायला आपले निवडक शॉट जोडून केलेल्या व्हिडिओत, ड्रोन आणि सूर्यास्त भरू नका, ते सगळ्यांकडे असतात. एखादा माणूस काम करतोय असा सलग दोन मिनिटांचा तुकडा टाका, हँडहेल्ड म्हणजे कॅमेरा हातात धरून घेतलेला, आवाजासकट. मला असिस्टंट हवा असतो तेव्हा मी तेवढंच बघतो.