स्टे कशावर? निकालावर की दरखास्तीवर?

दारव्हा तालुक्यातल्या एका वाचकाचा प्रश्न असा: 'शेजाऱ्यानं धुरा (शेताचा बांध) सरकवून काकांच्या वावरात अतिक्रमण केलं होतं. दिवाणी न्यायालयानं ताबा काकांना परत द्या म्हणून निकाल दिला. शेजारी अपिलात गेला. आता गावात म्हणतात, "निकालावर स्टे आला, केस खतम." वकीलसाहेबांच्या अर्जात "दरखास्तीच्या कामास स्थगिती" आहे, काकांकडच्या एका जुन्या कागदात "तहकूब" आहे. यातला बरोबर शब्द कोणता? आणि स्टे म्हणणं अशुद्ध का?'

अशुद्ध मुळीच नाही. स्टे आता मराठीत मुरला आहे. तो पुल्लिंगी झाला आणि त्याला आपली क्रियापदं मिळाली. अपील करणारा म्हणतो, 'स्टे आनला ना बापा.' जिंकूनही हात बांधलेला म्हणतो, 'आमच्यावर स्टे लागला.' पुढे तो वाढतो, नाहीतर उठतो. आणणारा आणि लागणारा अशी दोन्ही बाजूंची तक्रार एकाच शब्दात बसते, ते 'स्थगिती'ला जमत नाही. ती बहुधा 'दिली', 'मिळाली' किंवा 'उठवली' जाते, तीही कागदात नाहीतर वर्तमानपत्रात.

खोट आहे ती 'निकालावर' आणि 'केस खतम' या दोन ठिकाणी. महाराष्ट्रातल्या दिवाणी न्यायालयांत दरखास्त म्हणजे हुकूमनाम्याच्या (निकालावरून निघणाऱ्या औपचारिक आदेशाच्या) अंमलबजावणीसाठी टाकलेलं वेगळं प्रकरण. सभेत मांडतात ती दरखास्त निराळी. निकाल लागला म्हणून धुरा आपोआप मागे सरकत नाही. दरखास्त दाखल होते, ताब्याचं वॉरंट निघतं आणि न्यायालयाचा बेलिफ वावरात येतो. स्टे थांबवतो तो या कामाला. म्हणून वकिलांनी लिहिलेलं 'दरखास्तीच्या कामास स्थगिती' नेमकं आहे. बातमीत 'निकालाला स्थगिती' चालून जातं, पण त्यातूनच पुढची उडी 'निकाल गेला' अशी पडते.

संस्कृतात 'स्थग्' म्हणजे झाकणे, 'स्थगित' म्हणजे झाकलेलं. मराठीत तो अर्थ मागे पडून 'थांबवलेलं' एवढाच उरला, पण इथे मूळ अर्थच जास्त उपयोगी पडतो. सोयाबीनच्या गंजीवर ताडपत्री टाकली म्हणून गंजी नाहीशी होत नाही. सर्वोच्च न्यायालयानं 1992 मध्ये चामुंडी मोपेड्सच्या प्रकरणात हाच भेद केला: आदेश रद्द झाला की तो पुसला जातो आणि आधीची स्थिती परत येते, स्थगिती मिळाली की तो त्या तारखेपासून अमलात येत नाही एवढंच, अस्तित्वात मात्र असतो. काकांचा हुकूमनामा आजही हुकूमनामाच आहे.

'तहकूब'ही अर्थानं याच्याच जवळचा. आज तो सुनावणी आणि सभेपुरता उरला आहे, तेव्हा 'दरखास्त तहकूब' वाचून नुसती पुढची तारीख पडली असं कोणालाही वाटेल. नव्या लिखाणात तो टाळावा. 'मनाई हुकूम' मात्र वेगळा: तो माणसाला रोखतो, धुरा उकरू नको म्हणतो. 'जैसे थे' दोन्ही पक्षांना आहे तिथे थांबवतो. चावडीवर स्थगिती, मनाई हुकूम आणि जैसे थे या तिघांनाही स्टेच म्हणतात, आणि निम्मी भांडणं तिथूनच सुरू होतात.

आता 'अपील केलं म्हणजे स्टे झाला' या समजुतीबद्दल. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या आदेश 41, नियम 5 मध्ये स्पष्ट आहे की निव्वळ अपिलानं अंमलबजावणी थांबत नाही. स्टे मागावा लागतो. तो न मिळाल्यास मोठं नुकसान होईल, मागायला विनाकारण उशीर केलेला नाही आणि अपील हरल्यास हुकूमनामा पाळण्यासाठी तारण दिलं आहे, या गोष्टींवर न्यायालयाची खात्री पटावी लागते. पैशाचा हुकूमनामा असेल तर रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगतात. मोठा स्टे नागपूरहूनच येतो ही समजूतही इथे लागू नाही. उच्च न्यायालयाचं खंडपीठ नागपूरला असलं, तरी तुमच्या प्रकरणातलं अपील जिल्हा न्यायालयात आहे, स्टेही तिथेच मागायचा.

तुमच्या पत्रात आणखी एक वाक्य आहे, 'स्टे पोचायच्या आत बेलिफ आला तर?' हे 'पोचणे' फार अचूक आहे. त्याच नियमाच्या स्पष्टीकरणानुसार अंमलबजावणीवरची स्थगिती लागू होते ती मूळ न्यायालयाला कळवल्याच्या तारखेपासून. आदेशाची प्रत यायला वेळ लागणार असेल तर अपील करणाऱ्यानं स्वतःच्या माहितीवरून केलेलं शपथपत्रही मूळ न्यायालय तोवर ग्राह्य धरतं. त्याआधीच ताबा दिला गेला असेल तर थांबवायला काही उरत नाही. मग अपील करणाऱ्यानं ते जिंकल्यावर त्याच संहितेच्या कलम 144 खाली ताबा परत मागायचा. त्या कामाला गावात कोणी स्टे म्हणत नाही, 'कबजा वापस' म्हणतात.