शर्यतीतली शर्त

प्रश्न असा आला आहे: रस्त्यावर चोरून गाड्या पळवणाऱ्यांवर जे चित्रपट निघतात, त्यांच्याविषयी मराठीत लिहिताना ‘भूमिगत रेसिंग स्पर्धा’ म्हणावं का? आणि त्यांत सतत येणाऱ्या ‘ड्रिफ्ट’ आणि जपानी ‘तोगे’ला मराठी शब्द कोणते?

‘भूमिगत’ अजिबात नको. या अर्थाने हा शब्द वाचला की माझा संताप होतो. मराठीत गटार भूमिगत असतं, रेल्वे भूमिगत असते, आणि 1942 च्या चळवळीतले कार्यकर्ते भूमिगत झाले होते. त्या तिसऱ्या अर्थामागे पकड वॉरंट आहे, वेषांतर आहे, रातोरात बदललेली घरं आहेत. भर रस्त्यात, बघ्यांच्या गराड्यात, दिव्यांच्या झगमगाटात गाड्या उभ्या करणारी मंडळी भूमिगत कशी होतील? आपल्याकडे ‘चोरटा’ आहे. चोरटी वाहतूक, चोरटा व्यापार, चोरटी नजर. क्रिकेटमधली चोरटी धाव तर या प्रकाराची सख्खी बहीण, कारण क्षेत्ररक्षकाने फेकलेला चेंडू यष्टींवर लागायच्या आत ती उरकायची असते. इथे क्षेत्ररक्षकाच्या जागी पोलीस. तेव्हा ‘चोरटी शर्यत’ म्हणा. ‘बेकायदा शर्यत’ही चालेल. ‘बेकायदेशीर’ नको; ‘बे’ने कायदा नाकारल्यावर मागून ‘शीर’ जोडायची गरज नाही.

आता ‘स्पर्धा’. इथेच खरी चूक आहे आणि ती ‘भूमिगत’पेक्षा मोठी आहे. स्पर्धेला आयोजक लागतो, नियमावली लागते, बक्षीस तिसऱ्याच्या खिशातून येतं. चोरट्या शर्यतीत पणाला लागतं ते धावणाऱ्याचं स्वतःचं. ‘शर्यत’ हा अरबी वळणाचा म्हणून टाळावा आणि ‘स्पर्धा’ संस्कृत म्हणून घ्यावा, असं सांगणारे भाषाशुद्धीचे पुरस्कर्ते अजून भेटतात. त्यांच्या परंपरेने ‘चित्रपट’ आणि ‘दिग्दर्शक’ हे शब्द रुळवले, ते मी आनंदाने वापरतो. पण इथे ते साफ चुकतात. शब्दाचं कूळ पाहून त्याला दाराबाहेर काढताना त्याच्या पोटातला अर्थही बाहेर जातो, हे त्यांच्या लक्षात येत नाही.

कारण ‘शर्यत’ म्हणजे मुळात धावणं नव्हेच. अरबी ‘शर्त’ म्हणजे अट. तो फारसीमार्फत आपल्याकडे आला आणि मराठीत त्याची तीन मुलं झाली. ‘अटी-शर्ती’ मधली ‘शर्त’ कागदपत्रांत राहिली. ‘प्रयत्नांची शर्थ’ मधली ‘शर्थ’ पराक्रमाकडे गेली. तिचा ‘थ’ ‘अर्थ’, ‘सार्थ’ यांच्या संगतीने आला असावा, हा माझा तर्क. आणि ‘शर्यत’ आधी पैज झाली, मग जिच्यावर पैज लागते ती धाव झाली. हिंदीत ‘शर्त’ अट आणि पैज एवढ्यावरच थांबते, धावण्याला तिथे ‘दौड़’ म्हणतात. मराठी शर्यत मात्र अटीपासून निघून थेट शेवटच्या रेषेपर्यंत पोचली. ससा आणि कासव यांच्या गोष्टीतही आधी पैज लागते, मग पाय हलतात.

आता हे चित्रपट त्या नजरेने बघा. 2001 च्या ‘द फास्ट अँड द फ्युरिअस’मध्ये नायक ब्रायनकडे पणाला लावायला रोकड नाही, म्हणून तो आपल्या गाडीची पिंक स्लिप पुढे करतो. कॅलिफोर्नियात गाडीच्या मालकीचा कागद पूर्वी गुलाबी असे, त्यावरून हे नाव. इंग्रजीत हेच दोन शब्द नोकरी गेल्याच्या पत्रालाही लावतात, तेव्हा शब्दकोश उघडून ‘बडतर्फीची चिठ्ठी’ असं लिहू नका. लॉस एंजेलिसच्या रस्त्यावर पैजेला लागलेली गाडी वाचकाला एखाद्या कचेरीत सापडेल. ‘मालकीचा कागद’ म्हणा. 2006 च्या ‘टोकियो ड्रिफ्ट’मध्ये शेवटच्या शर्यतीची बोली अशी की हरेल त्याने शहर सोडायचं. ही अट की पैज? दोन्ही, आणि म्हणूनच ती शर्त. ‘टोकियो ड्रिफ्ट स्पर्धा’ असं लिहिणाऱ्याने त्या प्रसंगाचा कणाच काढून घेतलेला असतो.

‘पैज’ घ्या की मग, असं शुद्धीवाले म्हणतील. पैज मलाही प्रिय आहे. ती ‘प्रतिज्ञा’ या शब्दापासून प्राकृतातून घासत घासत आली, आणि 1290 मध्ये ज्ञानेश्वरांनी ‘अमृतातेंही पैजां जिंके’ म्हणून तिला कायमचं अमर केलं. पण तिचा पिंड वेगळा. प्रतिज्ञा एकटा माणूस करतो. ‘रेबेल विदाउट अ कॉज’ या 1955 च्या चित्रपटात दोन पोरं चोरीच्या गाड्या कड्याच्या दिशेने हाकतात, आधी उडी मारेल तो भित्रा. तिथे पैशाचा प्रश्न नाही, नुसती इभ्रत आहे. ती पैज. शर्तीला समोर दुसरा माणूस लागतो आणि काय गमवायचं ते आधी ठरावं लागतं.

इथवर कुठलाही चांगला कोश तुम्हाला आणून सोडेल. मला ज्याने वेड लावलं आहे ते याच्या पुढचं. अरबी शब्द तीन व्यंजनांच्या धातूवर उभे राहतात. ‘शर्त’चा धातू श-र-त, त्यातला ‘त’ जड उच्चाराचा. याच धातूत चिरा देण्याचा अर्थ आहे. शस्त्रक्रियेच्या सुरीला अरबीत ‘मिश्रत’ म्हणतात. याच कुळात ‘अश्रात’ म्हणजे खुणा, लक्षणं. चिरा दिला की खूण उमटते आणि खूण केली की हद्द ठरते, तीच अट. हा क्रम मला पटतो. आणि याच व्यंजनांवर ‘शुर्ता’ उभा आहे. शुर्ता म्हणजे पोलीस! जुने अरबी कोशकार सांगतात की अंगावरच्या खुणेवरून ते ओळखू येत म्हणून हे नाव. हा शब्द अरबीबाहेरून आला असं मानणारे अभ्यासक आहेत, पण घरात इतकं स्पष्ट नातं दिसत असताना पाहुण्याची शोधाशोध कशाला, हे मला त्यांनी अजून पटवलेलं नाही. शर्यत आणि तिच्यामागे सायरन वाजवत धावणारा पोलीस, दोघे एकाच घरचे. 2001 च्या त्या चित्रपटाचं कथानक हेच तर आहे: ब्रायन हा शर्यतवाल्यांच्या टोळीत शिरलेला पोलीस. पैज हरल्यावर गाडी देणं लागतो, ती गाडी मध्येच नष्ट होते, आणि शेवटी टोळीचा म्होरक्या डॉम याला पकडायच्या ऐवजी तो आपल्या सुप्रा गाडीच्या किल्ल्या त्याच्या हातात ठेवतो. शुर्ता शर्त पाळतो.

अजून एक. ‘शरीत’ म्हणजे फीत, पट्टी, आणि चित्रपटाची रीळही. ‘शरीत सीनिमाई’ म्हणजे सिनेमा. व्यंजनं तीच, श-र-त. शर्यत, पोलीस आणि सिनेमा! 1971 च्या ‘टू-लेन ब्लॅकटॉप’मध्ये 1955 ची शेव्हरोले आणि 1970 ची पॉन्टियाक जीटीओ वॉशिंग्टनपर्यंत शर्यत लावतात, दोन्ही गाड्यांचे मालकीचे कागद आधीच टपालाने पुढे रवाना होतात, पण निकाल कधी लागतच नाही. शेवटी पडद्यावर फीतच जळताना दिसते. शर्त बाकी राहते आणि शरीत जळते. दिग्दर्शक मॉन्टी हेलमन यांना अरबी येत होती असा माझा दावा नाही, पण या दोन शब्दांचं नातं ज्याला ठाऊक आहे त्याने तो शेवट एकदा बघावाच.

‘शरियत’शी मात्र गल्लत करू नका, ती फार जण करतात. तिचा धातू वेगळा, श-र आणि घशातून उच्चारायचं ‘ऐन’ हे अरबी अक्षर. पण तिथेही मौज आहेच: त्याच धातूवर ‘शारिअ’ म्हणजे रस्ता. कायदा आणि रस्ता एका घरचे, शर्यत आणि पोलीस दुसऱ्या घरचे, आणि चोरट्या शर्यतीत ही दोन घरं रात्री समोरासमोर येतात.

ड्रिफ्टला मराठी शब्द काढू नये. ‘घसरणं’ चुकीचं, कारण घसरणाऱ्याच्या हातात काही उरत नाही. इथे चालक मागच्या चाकांची पकड मुद्दाम सोडवतो आणि गाडी आडवी सरकत असताना स्टिअरिंग आणि ॲक्सिलरेटरने तिला वळणातून नेतो. जपान्यांनीही इंग्रजी शब्दच आपल्या जिभेवर घोटून ‘दोरिफुतो’ केला, आपणही ‘ड्रिफ्ट’ ठेवू.

‘तोगे’ला मात्र परकं राहू देऊ नका. जपानी लिपीत त्याची खूण डोंगर, वर आणि खाली या तीन खुणा जोडून होते, आणि ती चीनमधून आलेली नाही, जपानातच घडवलेली आहे. डोंगरात चढायचं, मग उतरायचं. ‘इनिशियल डी’ या जपानी चित्रकथेतला टोफू पोचवणारा पोरगा रोज पहाटे जी वळणं पाठ करतो, त्यांना आपण हजार वेळा घाट म्हटलं आहे. ‘तोगे रेसिंग’ नको, ‘घाटातली शर्यत’ लिहा.