दप्तर आधी, पडदा नंतर

चि. पोरी, अनेक आशीर्वाद.

ऐतिहासिक सिनेमाच्या लेखनात तुला मदतनीस म्हणून घेतलं, फार बरं वाटलं. तू विचारतेस, सगळ्यांना प्रसंग रंगायला हवा, मग खऱ्याखोट्याचं कोण बघणार? तूच बघायचंस.

माझ्या आजीने भालजी पेंढारकरांचा १९४१ सालचा 'थोरातांची कमळा' तंबूत पाहिला होता. पुढे जन्मभर तिच्या लेखी संभाजीराजे म्हणजे कमळेवर जीव जडलेले देखणे युवराज. औरंगजेबाशी त्यांनी वर्षानुवर्षं दिलेली झुंज तिच्या गावीही नव्हती. इतिहास संशोधक वा. सी. बेंद्रे यांनी जुन्या कागदपत्रांची दप्तरं धुंडाळून १९६० साली राजांचं चरित्र छापलं, बदनामीच्या कथा एकेक तपासून खोडल्या. मी त्यातली पानं आजीला वाचून दाखवली. सुपारी कातरता कातरता तिने सगळं ऐकलं आणि म्हणाली, "असंल बाबा. पण मी बघितलंय की."

हे वाक्य लिहायला बसताना आठवत जा. २०२५च्या फेब्रुवारीत संभाजीराजांवरचा 'छावा' सिनेमा आला. त्यातली मोगलांच्या बुऱ्हाणपूर शहरावरची स्वारी खरीच, १६८१ची. पण महिनाभरात तिथून जवळच्या असीरगडाशी माणसं रात्री टॉर्च घेऊन शेतं उकरू लागली, मोगलांचं सोनं सापडेल म्हणून. त्यांना हसू नकोस. त्यांनीही बघितलंच होतं. त्याच सिनेमातल्या राजांशी झालेल्या फितुरीच्या चित्रणावर शिर्के घराण्याच्या वंशजांनी हरकत घेतली, दिग्दर्शकांना दिलगिरी व्यक्त करावी लागली. म्हणून खलपुरुष ठरवताना सगळ्यात जास्त वेळ घे. ते आडनाव आजही कुठल्यातरी शाळेच्या हजेरीपटावर असतं.

पटकथेच्या समासात प्रत्येक प्रसंगापुढे लिही, हे कुठून आलं. समकालीन पत्रातलं असेल तर तारीख टाक. बखरीतलं असेल तर ती कोणी, किती वर्षांनी लिहिली ते बघ. संभाजीराजांनी बाळाजी आवजी चिटणिसांना देहान्त शिक्षा दिली, आणि राजांनंतर शंभरावर वर्षांनी बखर लिहिली ती त्याच चिटणिसांच्या वंशजाने. तिच्यातला राजा किती त्या घराण्याच्या रागातून आलेला, किती खरा, हे तपासल्याशिवाय संवाद लिहू नकोस. बाकीचं रचलेलं असेल तर सरळ 'रचलेलं' लिही. रचण्याला माझी ना नाही. दोन पत्रांच्या मधली रात्र कुठल्याच कागदात नसते, ती तुलाच लिहावी लागणार. पण ती आपण लिहिली हे निदान आपल्याला तरी माहीत हवं.

दिवाळीनंतर पुण्याला ये, भारत इतिहास संशोधक मंडळात जाऊ. तोवर रोज पानभर मोडी लिपी गिरव, जुनी पत्रं तिच्यातच आहेत. येताना पटकथेची प्रत आण, समासासकट.

तुझा,
काका