समुद्रातल्या चमकणाऱ्या जीवांवरून काल्पनिक तत्त्वज्ञान रचायचं आहे, ते खरं कसं वाटेल?

तुम्ही लिहिलंय की कादंबरीतल्या किनाऱ्यावरच्या समाजाला स्वतःचं तत्त्वज्ञान द्यायचं आहे, पण 'प्रकाश म्हणजे ज्ञान, अंधार म्हणजे अज्ञान' याच्यापुढे गाडी सरकत नाही. ती उपमा दिव्यावरून आलेली आहे, म्हणून अडते. समुद्रात प्रकाश बहुतेक वेळा लपायला, दचकवायला आणि फसवायला वापरला जातो. परंपरा तिथून सुरू करा.

पहिलं काम काळ ठरवायचं. तुमच्या विचारवंतांना पाणबुडी नसेल, तर खोल समुद्रातले जीव त्यांना जवळपास माहीतच असणार नाहीत. तोंडापुढे चमकणारं आमिष लटकवणारा खोल समुद्रातला अँगलरमासा त्यांच्या ग्रंथात आला की वाचक तिथेच उठतो. किनाऱ्यावरून दिसतं ते एवढंच: लाटेत चमकणारे नॉक्टिल्युकासारखे एकपेशीय जीव, जाळ्यातल्या जेलीमाशांची चमक, अंधारात उजळणारा शिळा मासा. आणि फोलास हा दगडात भोक पाडून राहणारा शिंपला. तो खाणाऱ्याच्या तोंडातही चमकतो, असं रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकातच लिहून ठेवलंय. माझ्या मते संस्थापकाची कथा या शिंपल्यापासून सुरू व्हावी: उजेड गिळता येतो का?

आता मुख्य सिद्धान्त. नॉक्टिल्युका असलेलं पाणी ओंजळीत घेऊन स्थिर धरलं तर काळोख असतो, बोट हलवलं की निळे ठिपके उमटतात. एका पेशीची चमक सेकंदाच्या दहाव्या भागाएवढी. पाण्याच्या ताणामुळे पेशीत आम्लता वाढते आणि रासायनिक क्रिया सुरू होते. तुमच्या लोकांना रसायन कळायची गरज नाही, पण 'स्पर्शाशिवाय प्रकाश नाही' हे सूत्र त्यांना नक्की सुचेल. त्यावरचा आक्षेपही लगेच लिहा: मग शिळा मासा कोणी न शिवता रात्रभर का उजळतो? (त्याच्यावर जिवाणू वाढलेले असतात आणि ते सतत प्रकाशतात.) या एका आक्षेपावर दोन पंथ फुटू शकतात. फूट नसलेली परंपरा खोटी वाटते.

'स्वयंप्रकाश' (स्वतःच स्वतःला उजळणारं) हा शब्द मात्र जपून वापरा. भारतीय दर्शनांत त्यावर आधीच मोठा वाद आहे. अद्वैती ज्ञानाला स्वयंप्रकाश मानतात, नैयायिक, म्हणजे न्यायदर्शन मानणारे, म्हणतात की एक ज्ञान कळायला दुसरं ज्ञान लागतं. दिवा स्वतःलाही उजळतो म्हणणाऱ्यांना बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाचा सवाल होता की दिव्यात अंधार होताच कुठे? हा शब्द घेतलात की हे सगळं ओझं सोबत येतं.

कथा आधुनिक काळातली असेल तर खजिनाच आहे. साधारण 200 ते 1000 मीटर खोलीवर वरून अंधुक उजेड येतो आणि खालून पाहणाऱ्या शिकाऱ्याला माशाची काळी आकृती दिसते. म्हणून हॅचेटफिश हा छोटा मासा पोटाखालचे प्रकाश देणारे अवयव वरच्या उजेडाइतकेच उजळतो, आणि आकृती पुसली जाते. प्रकाशाने स्वतःला नाहीसं करणं! साधनेसाठी याहून चांगला पाया मला दिसत नाही: साधकाने सभोवतालाएवढंच उजळायचं, कमी पडला तर सावली दिसते, जास्त झाला तर दिवा दिसतो.

दुसरं उदाहरण हवाईतल्या बॉबटेल स्क्विडचं (छोट्या माकुळाचं). अंड्यातून निघतो तेव्हा त्याच्याकडे प्रकाश नसतो. व्हिब्रिओ फिशेरी हे जिवाणू तो समुद्रातून मिळवतो. हे जिवाणू विरळ असताना चमकत नाहीत, दाटी झाली की चमकतात. आणि रोज पहाटे स्क्विड त्यांतले सुमारे 95 टक्के बाहेर टाकून देतो; उरलेले दिवसभरात वाढून रात्री पुन्हा पुरेसे होतात. यावरून नियम करा: शिकलेल्यातलं वीसांत एकोणीस रोज सोडायचं. नियमात आकडा असला की परंपरेला वजन येतं, फक्त तो प्रत्यक्ष जीवाकडून आलेला हवा.

विधी लिहिण्याआधी एकदा डोळ्यांनी पाहून घ्या. पायरोसिस्टिस फ्युसिफॉर्मिस या एकपेशीय जीवाचं कल्चर, म्हणजे बाटलीत वाढवलेली वसाहत, घरात ठेवता येतं. काचेची स्वच्छ बाटली, झाकण सैल. तापमान 20 ते 22 अंश, रोज 12 तास मंद उजेड आणि 12 तास पूर्ण अंधार. थेट ऊन लागलं तर पाणी तापून पेशी मरतात. साध्या मिठाचं पाणी घातलं तरी मरतात, कारण नायट्रेट, फॉस्फेट आणि सूक्ष्म द्रव्यं असलेलं समुद्रपाण्याचं माध्यम लागतं. अंधार झाल्यावर तासदोन तास थांबा, डोळे दहा मिनिटं अंधाराला सरावू द्या, मग बाटली हळूच गोल फिरवा. पहिली चमक सगळ्यांत ठळक, पुढची प्रत्येक फिकी. सारखं खळखळवलं तर त्या रात्रीपुरती संपते. भर दुपारी बाटली कपाटात नेऊन हलवली तर जवळपास काहीच दिसत नाही, कारण पेशींचं स्वतःचं घड्याळ असतं. दिव्याची वेळ उलटी केली तर ते काही दिवसांत सरकतं.

'रात्रीतून एकदाच हलवावं' हा नियम तुमच्या मठात आयता तयार होतो. तो मोडणाऱ्या शिष्याला शिक्षा द्यायचीही गरज नाही, त्याच्या हातात काळी बाटली उरते.