अनेक विश्वांची वेळ सांगणारं जादुई यंत्र कथेत कसं दाखवावं?

सगळ्या विश्वांसाठी एकच 'खरी' वेळ दाखवणारं यंत्र करू नका, ही कळकळीची विनंती. तुमच्या कथेत प्रत्येक विश्वाचा काळ वेगळ्या गतीने धावतो, मग सर्वांना लागू पडणारी वेळ आणायची कुठून? आपल्या विश्वातही ती नाही. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं, दुरुस्ती केली नाही तर, जमिनीवरच्या घड्याळांच्या रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातील; घड्याळं बिघडलेली नसतात, तिथला काळच किंचित वेगळ्या गतीने धावतो. तेव्हा यंत्राने फक्त दोन विश्वांतला फरक सांगावा.

मी असतो तर घटिकापात्र घेतलं असतं. तळाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी पाण्यावर सोडायची. ती भरत भरत २४ मिनिटांत बुडते, की झाली एक घटका. लग्नाचे मुहूर्त यावर साधत. आता वाटी इथली ठेवा आणि पाणी दुसऱ्या विश्वातलं. तिथला काळ संथ असेल तर पाणी भोकातून इतकं हळू चढेल, की वाटी दिवसभर तरंगत राहील. जादू एवढीच पुरे.

भागवतातली ककुद्मी राजाची गोष्ट जरूर वाचा. आपली मुलगी रेवती हिच्यासाठी वर विचारायला तो ब्रह्मलोकी गेला, गायन संपेपर्यंत थांबला आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली. मनात योजलेल्या वरांचे वंशजही उरले नव्हते.

आणि हो, घटिकापात्राजवळ कुणीतरी जागं बसावंच लागतं, बुडालेली वाटी काढून पुन्हा सोडायला. ते काम कोणत्या पात्राकडे द्यायचं, हे आधी ठरवा.